पहिल्या तारखेचा शुक्रवार

उसने घेतलेले पैसे परत न करणारा एखादा माणूस तुमच्या ओळखीत असेलच. त्याच्याविषयी आपण म्हणतो, "सूर्य पश्चिमेला उगवेल तेव्हा हा पैसे देईल." शायर नावाच्या देशातले लोक हेच वेगळ्या शब्दांत सांगतात. पहिल्या तारखेला शुक्रवार आला की अमुक गोष्ट होईल, असे ते म्हणतात. म्हणजे ती गोष्ट कधीच होणार नाही!

तुम्हाला याचे नवल वाटेल. आपल्याकडे पहिल्या तारखेला शुक्रवार कितीतरी वेळा येतो. भिंतीवरच्या दिनदर्शिकेची पाने उलटून पाहा. शुक्रवारी सुरू होणारा निदान एक तरी महिना सापडेलच. मग शायरमध्ये असा महिना का नसतो?

शायर हा देश नकाशात शोधू नका. उर्दूतल्या शायराशीही त्याचा काही संबंध नाही. हा देश एका लेखकाच्या मनात जन्मला. त्यांचे नाव जे. आर. आर. टॉल्किन. त्यांचा जन्म १८९२ साली झाला आणि मृत्यू १९७३ साली. इंग्लंडमधील ऑक्सफर्ड विद्यापीठात ते प्राध्यापक होते आणि जुनी इंग्रजी भाषा शिकवीत. त्यांची 'द लॉर्ड ऑफ द रिंग्ज' ही मोठी कादंबरी १९५४ आणि १९५५ या दोन वर्षांत तीन भागांत छापली गेली. शायरमध्ये राहणाऱ्या लोकांना हॉबिट म्हणतात. ते उंचीने लहान, खाण्यापिण्याचे शौकीन आणि अनवाणी चालणारे आहेत. टेकडीच्या पोटात खोदलेल्या घरांत ते राहतात आणि शेती करतात. कादंबरीच्या तिसऱ्या भागाच्या शेवटी टॉल्किन यांनी काही पुरवण्या जोडल्या. त्यांतली एक संपूर्ण पुरवणी या काल्पनिक जगाच्या दिनदर्शिकांवर आहे.

गोष्ट लिहिणाऱ्या माणसाला दिनदर्शिकेचा हिशेब कशाला हवा, असे तुम्ही विचाराल. या कादंबरीतले प्रवासी वाटेत एकमेकांपासून दुरावतात. काही एका दिशेला जातात, काही दुसऱ्या. पण आकाशातला चंद्र दोघांसाठी एकच असतो. एका प्रकरणात पौर्णिमा आणि त्याच रात्रीच्या दुसऱ्या प्रकरणात चंद्रकोर, असे लिहिले तर वाचक लगेच पकडतील. टॉल्किन यांच्या बाबतीत नेमके असे घडले होते. १९४४ साली दुसरे महायुद्ध चालू असताना त्यांचा मुलगा विमानदलात दक्षिण आफ्रिकेत होता. त्याला लिहिलेल्या पत्रात त्यांनी कळवले की, आपल्या गोष्टीतला चंद्र अशक्य वागत होता, एकाच वेळी एकीकडे उगवत होता आणि दुसरीकडे मावळत होता. मग त्यांनी मागची प्रकरणे काढून ती दुरुस्त केली. खोटे जग रचणाऱ्यालासुद्धा खरा हिशेब चुकवता येत नाही, तो असा.

आता वही आणि पेन्सिल घ्या. शायरची दिनदर्शिका आपण स्वतः मांडून पाहू.

तिच्यात बारा महिने आहेत आणि प्रत्येक महिना तीस दिवसांचा आहे. एकतीस नाही, अठ्ठावीस नाही, कोणता महिना किती दिवसांचा हे बोटांच्या पेरांवर मोजायलाही नको. बारा गुणिले तीस म्हणजे ३६० दिवस झाले. वर्षाचे दिवस ३६५. उरलेले पाच दिवस कोणत्याही महिन्यात घातलेले नाहीत. वर्षाचा पहिला दिवस आणि शेवटचा दिवस यांना 'यूल' म्हणतात. हे दोन दिवस लागोपाठ येत असल्याने हिवाळ्यात जोडून सण होतो. बाकीचे तीन दिवस वर्षाच्या मध्यभागी, सहावा महिना संपल्यावर आणि सातवा सुरू होण्यापूर्वी येतात. त्यांपैकी पहिला आणि तिसरा 'लिथ', आणि मधला 'मध्यवर्ष दिन'. हे उन्हाळ्यातले सणाचे दिवस आहेत. लीप वर्षात मध्यवर्ष दिनानंतर आणखी एक दिवस वाढवतात आणि त्या दिवशी खास मौज करतात.

येथपर्यंत फार वेगळे काही नाही. तीस दिवसांचे बारा महिने आणि वर पाच दिवस ही रचना प्राचीन इजिप्तमध्ये होती. फ्रान्समध्ये राज्यक्रांतीनंतर १७९३ साली हीच रचना आणली गेली आणि १८०६ च्या आरंभी सोडून दिली गेली. शायरची खरी गंमत पुढे आहे.

३६५ ला ७ ने भागा. भागाकार ५२ आणि बाकी १. ही बाकीची १ फार खोडकर आहे. तिच्यामुळे दर वर्षी तारखेचा वार एक घर पुढे सरकतो. २०२२ साली १५ ऑगस्टला सोमवार होता, २०२३ साली मंगळवार. २०२४ हे लीप वर्ष असल्यामुळे वार दोन घरे सरकला आणि गुरुवार आला. म्हणून आपल्याला दर वर्षी नवी दिनदर्शिका विकत घ्यावी लागते. हॉबिटांनी काय केले? मध्यवर्ष दिनाला त्यांनी वारच दिला नाही. तो दिवस शनिवार नाही, रविवार नाही, कोणताच वार नाही. लीप वर्षातल्या जास्तीच्या दिवसालाही वार नाही. खोडकर बाकीला त्यांनी रांगेतून बाहेर उभे केले.

मग काय होते ते पाहा. पहिल्या सहामाहीत यूलचा एक दिवस, सहा महिन्यांचे १८० आणि लिथचा एक, असे १८२ दिवस. म्हणजे बरोबर २६ आठवडे. दुसरी सहामाहीही तशीच, १८२ दिवसांची. हॉबिटांचा आठवडा शनिवारी सुरू होतो आणि शुक्रवारी संपतो. त्यामुळे प्रत्येक वर्ष शनिवारी सुरू होऊन शुक्रवारी संपते. यूलचा पहिला दिवस शनिवार, म्हणून पहिल्या महिन्याची पहिली तारीख रविवार. तीस दिवसांत चार आठवडे आणि वर दोन दिवस असतात, म्हणून पुढचा महिना मंगळवारी सुरू होईल. त्यानंतरचे गुरुवारी, शनिवारी, सोमवारी आणि बुधवारी. सहा महिने झाले. आता शुक्रवारची पाळी आली. पण त्या जागी महिनाच नाही, लिथचा दिवस आहे! दुसऱ्या सहामाहीत पुन्हा रविवार, मंगळवार, गुरुवार असाच क्रम चालतो आणि शुक्रवारच्या जागी वर्षाचा शेवटचा दिवस, यूल, येतो. पहिल्या तारखेला शुक्रवार का येत नाही, हे आता तुमच्या वहीतच लिहिलेले आहे.

आणखी एक पडताळा घ्या. कादंबरीच्या सुरुवातीला बिल्बो नावाच्या हॉबिटाच्या वाढदिवसाची मोठी मेजवानी आहे. तारीख २२ सप्टेंबर. हॉबिटांच्या महिन्यांना त्यांची स्वतःची नावे आहेत, पण आपल्या सोयीसाठी लेखकाने गोष्टीत इंग्रजी नावे वापरली आहेत. सप्टेंबर म्हणजे नववा महिना, दुसऱ्या सहामाहीतला तिसरा. त्याची पहिली तारीख गुरुवार, म्हणजे जुमेरात. म्हणून ८, १५ आणि २२ या तारखांनाही गुरुवारच. गोष्टीत मेजवानीचा वार कोणता दिला आहे? गुरुवार! आणि बिल्बोचा वाढदिवस पुढच्या वर्षी, त्यापुढच्या वर्षी, शंभर वर्षांनीही गुरुवारीच येणार. पत्र लिहिताना हॉबिट तारखेबरोबर वार लिहितच नाहीत. लिहायची गरज काय?

महिन्यांची नावेही पाहण्यासारखी आहेत. ती टॉल्किन यांनी हवेतून आणली नाहीत. इंग्लंडमध्ये आठव्या शतकात बीड नावाचे एक विद्वान धर्मगुरू होऊन गेले. (मराठवाड्यातला बीड जिल्हा वेगळा!) इंग्रज लोक पूर्वी महिन्यांना काय म्हणत, ते त्यांनी इ. स. ७२५ च्या सुमारास लिहून ठेवले. मे महिन्याच्या जुन्या नावाचा अर्थ आहे 'तीन धारांचा महिना', कारण त्या महिन्यात हिरवा चारा भरपूर असे आणि गाईंची दिवसातून तीनदा धार काढीत. ऑगस्टच्या नावात शेतातले तण आहे. टॉल्किन यांनी ही विसरलेली नावे घेतली, वापरून झिजल्यासारखी थोडी बदलली आणि हॉबिटांना देऊन टाकली. मे झाला 'थ्रिमिज', ऑगस्ट झाला 'वेडमाथ'. ऑक्टोबरचे नाव 'विंटरफिल्थ'. आजच्या इंग्रजीत 'फिल्थ' म्हणजे घाण. त्यावरून शेजारच्या ब्री गावचे लोक हॉबिटांना चिडवतात. हॉबिट सांगतात की, बाबांनो, मूळ अर्थ घाण नव्हे. हिवाळ्यापूर्वी वर्ष भरत आले, पूर्ण झाले, असा आहे. शब्दांचे अर्थ बदलतात आणि नावे मागे राहतात, हे भाषेच्या प्राध्यापकाला नेमके ठाऊक होते.

आपल्या महिन्यांतही असे अर्थ दडलेले आहेत. पौर्णिमेचा चंद्र चित्रा नक्षत्राजवळ असतो तो चैत्र. अरबीत 'रबी' म्हणजे वसंत ऋतू आणि रमजानच्या मुळाशी कडक उष्णतेचा अर्थ आहे. पण हिजरी वर्ष चंद्राचे असल्यामुळे ते सूर्याच्या वर्षापेक्षा सुमारे अकरा दिवसांनी लहान असते. म्हणून रमजान कधी थंडीत येतो, कधी पावसात. उपासनेच्या दृष्टीने यात अडचण नाही. उलट रोजे सगळ्या ऋतूंत फिरून येतात. शेतसारा गोळा करणाऱ्या सरकारला मात्र हे चालत नाही, कारण पीक चंद्राकडे पाहून पिकत नाही. म्हणून दख्खनमध्ये सूर्याच्या गतीने चालणारा 'शुहूर सन' वापरात आला. सूर्य मृग नक्षत्रात शिरला की त्याचे नवे वर्ष सुरू होई, म्हणजे अगदी पेरणीच्या तोंडावर. मराठ्यांच्या दफ्तरांतही हा सन चाले आणि त्यातला वर्षाचा आकडा अरबी शब्दांनी लिहीत. मराठी कागदावर इसन्ने, सलास, खमस, सबा हे शब्द वाचले तर तुम्हाला कोशात पाहावेच लागणार नाही!

दिनदर्शिका कोणासाठी करायची, यावर ती कशी होणार हे ठरते. टॉल्किन यांनी आपल्या जगातल्या वेगवेगळ्या लोकांना म्हणूनच वेगवेगळी कालगणना दिली. त्यांच्या जगात 'एल्फ' नावाचे लोक आहेत. त्यांना म्हातारपणाने मरण येत नाही. अशांना एक वर्ष म्हणजे काय? डोळ्याची पापणी लवली की संपले. म्हणून त्यांचे मोठे वर्ष आपल्या १४४ वर्षांचे, म्हणजे ५२,५९६ दिवसांचे असते. त्यांचा आठवडा सहा दिवसांचा आणि ऋतूही सहा, कारण त्यांना सहा आणि बारा या आकड्यांत मोजायला आवडते.

ठेंगू खाणकामगारांचे वर्ष तर चंद्रावर आहे. 'द हॉबिट' या १९३७ सालच्या कादंबरीत त्याची हकिकत आहे. शरद ऋतूतला शेवटचा चंद्र दिसला की त्यांचे नवे वर्ष लागते. तो चंद्र आणि सूर्य एकाच वेळी आकाशात दिसले, तर त्या दिवसाला ते 'ड्यूरिनचा दिवस' म्हणतात. डोंगरातल्या गुप्त दाराचे कुलपाचे छिद्र फक्त त्याच दिवशीच्या शेवटच्या किरणात सापडणार असते. पण तो दिवस आधी कसा काढायचा, ही विद्या आता आपल्याजवळ उरली नाही, असे त्यांचा सरदार कबूल करतो. दिवस मावळताना सगळे डोंगरावर ताटकळत बसतात आणि पश्चिमेला फिकट कोर दिसते. ईदच्या आदल्या संध्याकाळी गच्चीवर उभे राहिलेल्या तुमच्यासारख्या वाचकाला या प्रसंगातली धडधड कोणी समजावून सांगायला नको.

मला विचाराल तर एल्फांची दिनदर्शिका सर्वांत भव्य आहे, ठेंगूंची सर्वांत सुंदर आणि हॉबिटांची सर्वांत सोयीची. ही सोय सांगितली की मुले खूश होतात. पण एकदा वर्गात शेवटच्या बाकावरच्या मुलीने हात वर केला आणि विचारले, "सर, तो बिनवाराचा दिवस गेल्यावर जुम्मा कोणता धरायचा?"

प्रश्न मोठा नेमका होता. फळ्यावर मांडून पाहू. समजा, आज शुक्रवार आहे आणि उद्या मध्यवर्ष दिन, बिनवाराचा. परवा दिनदर्शिका म्हणेल, शनिवार. आजपासून सात दिवस मोजून आपण जुम्म्याच्या नमाजला निघालो, तर भिंतीवर गुरुवार असेल. पुढच्या वर्षी बुधवार. शाळेची सुट्टी एका दिवशी आणि उपासना दुसऱ्याच दिवशी. ख्रिस्ती माणसाचा रविवार आणि ज्यू माणसाचा शनिवार यांचीही हीच गत होईल.

हा प्रश्न केवळ गोष्टीतला नाही. एलिझाबेथ अकेलिस या अमेरिकन बाईंनी १९३० साली 'जागतिक दिनदर्शिका' नावाची योजना मांडली. तिच्यातही वर्षाअखेरचा एक दिवस, आणि लीप वर्षात जूनअखेरचा आणखी एक, आठवड्याच्या बाहेर ठेवला होता, म्हणजे दर वर्षी तारखा आणि वार तेच राहतील. स्वतंत्र भारताने ही योजना संयुक्त राष्ट्रसंघाच्या आर्थिक व सामाजिक परिषदेपुढे नेली. १९५४ साली आपले थोर शास्त्रज्ञ मेघनाद साहा यांनी जिनिव्हा येथे तिची बाजू मांडली. कारखाने, हिशेब, शाळांची वेळापत्रके, सगळ्यांचीच तिच्यात सोय होती. पण ज्यांची उपासना सात दिवसांच्या आठवड्याशी बांधलेली आहे, त्यांनी कडाडून विरोध केला. ज्यू आणि ख्रिस्ती संघटना त्यात पुढे होत्या. अमेरिकेच्या सरकारनेही १९५५ साली नकार कळवला आणि १९५६ साली हा विषय बाजूला ठेवण्यात आला. टॉल्किन यांची दिनदर्शिकांवरची पुरवणी छापली गेली ती याच १९५५ साली.

आठवड्याची साखळी किती पक्की आहे पाहा. १५८२ साली रोमच्या पोपने दिनदर्शिका सुधारली, तेव्हा ४ ऑक्टोबरनंतर एकदम १५ ऑक्टोबर ही तारीख आली. दहा तारखा पुसल्या गेल्या. पण ४ तारखेला गुरुवार होता आणि १५ तारखेला शुक्रवार. वाराला कोणी हात लावला नाही. साहा यांच्याच अध्यक्षतेखालील समितीने भारतासाठी जी राष्ट्रीय दिनदर्शिका सुचवली, ती २२ मार्च १९५७ पासून सुरू झाली. तिच्यात चैत्रापासून महिन्यांचे दिवस नव्याने ठरवले गेले. आठवडा होता तसाच राहिला.

मग शायरमध्ये भांडण का झाले नाही? तेथे सगळे एकाच रीतीचे लोक राहत होते आणि त्यांनी ही सुधारणा आपापसांत ठरवली होती. त्यांचा मुख्य वारही शुक्रवारच. त्या दिवशी दुपारपासून काम बंद आणि संध्याकाळी मेजवानी. टॉल्किन यांनी मात्र एक ओळ जाता जाता लिहून ठेवली आहे, आणि मला ती सगळ्या पुरवणीत अधिक मोलाची वाटते. ही दिनदर्शिका हॉबिटांना घरी सोयीची होती, पण ब्री गावाच्या पलीकडे प्रवासाला गेले की अडचण होई, अशा अर्थाची ती ओळ आहे. बाहेरच्या माणसाचा वार वेगळा आणि यांचा वेगळा. बहुतेक हॉबिट ब्रीच्या पलीकडे कधी जातच नसत.

स्वाध्याय

१. शायरच्या दिनदर्शिकेत पाचव्या महिन्याच्या १७ तारखेला कोणता वार येईल? हिशेब करून दाखवा.

२. तुमच्या जन्मतारखेला गेल्या तीन वर्षांत कोणते वार आले ते शोधा आणि वार का सरकला ते चार वाक्यांत लिहा.

३. 'बिनवाराचा दिवस' या शब्दात 'बिन' चा अर्थ 'शिवाय' असा आहे. 'बिन' ने सुरू होणारे आणखी चार मराठी शब्द लिहा.

४. तुम्ही एक काल्पनिक देश निर्माण केला आहे. तेथे समुद्रात मासेमारी करणारे आणि डोंगरावर मेंढ्या राखणारे असे दोन प्रकारचे लोक राहतात. दोघांना मिळून एकच दिनदर्शिका तयार करा आणि तिच्या महिन्यांना नावे द्या.